खाणीतला सडा

वर्ध्याला कोळशाची खाण नाही. तरी एके काळी आमच्या घरी कोळशाची धूळ यायची, आणि ती रविवारी सकाळच्या पॅसेंजरने यायची. माझे भाऊजी, म्हणजे थोरल्या बहिणीचे यजमान, चांद्याकडच्या एका खाणीत सरदार होते. पन्नास आणि साठच्या मधली ती वर्षं. ताई पहिल्या बाळंतपणासाठी माहेरी आली होती आणि सुट्टी मिळाली की भाऊजी नालवाडीच्या आमच्या भाड्याच्या दोन खोल्यांत हजर होत.

'सरदार' या एका शब्दावर आईने ते स्थळ पसंत केलं होतं. घोड्याची तिची अपेक्षा नव्हती, पण निदान फेटा तरी असेल असं तिला वाटलं असावं. खाणीतला सरदार म्हणजे पाळी सुरू होण्याआधी हातात दिवा आणि काठी घेऊन एकटा आत शिरणारा माणूस. काठीने छत ठोकायचं आणि आवाज ऐकायचा. दिव्याची ज्योत बारीक करून तिच्यावर निळसर टोपी चढते का पाहायचं. चढली तर तिथे गॅस आहे. मग बाहेर येऊन पुस्तकात लिहायचं, की माणसं आत जायला हरकत नाही. कोळसा पाडायला सुरुंग लावायचा, तोही यांनीच. त्यांच्या पाळीत चाळीस माणसं होती आणि ती चाळीसही जण भाऊजींच्या त्या एका ओळीवर विश्वास ठेवून आत जात. मी शाळेत विज्ञान शिकवत होतो. माझ्या कुठल्याही ओळीवर विश्वास ठेवून कोणी कुठे गेल्याचं मला आठवत नाही.

भाऊजी आले की आधी विहिरीवर जात. कितीही अंग घासलं तरी डोळ्यांच्या कडेला एक काळी रेघ राहायचीच. ताई म्हणायची, "काजळ माह्यापेक्षा यायलेच शोभून दिसते."

गॅसची त्यांना भीती वाटत नसे. "गॅस दिव्याले सांगून येते, मास्तर," ते मला म्हणायचे. घरात सगळे मला नावाने हाक मारत. हे मात्र मास्तर म्हणत, आणि त्यात आदर किती आणि चिमटा किती हे मला कधी कळलं नाही. "धूळ काईच सांगत नाई. गुपचूप बसून राह्यते. कुठं तरी जरासा भडका झाला का उठते, अन् मंग पुऱ्या खदानीले घेऊनच बसते."

मी मान डोलवायचो. धूळ पेटते हे मी पुस्तकात वाचलं होतं. वाचलेल्या गोष्टीला मान डोलवणं सोपं असतं.

त्या वर्षी थंडीत त्यांच्या खाणीला एक मोठे पाहुणे भेट देणार असं ठरलं. पाहुणे राजकारणातले होते. खाणीशी त्यांचा संबंध एवढाच, की त्यांच्या आगगाडीचं इंजिन कोळशावर चालत असे. त्यांना मानपत्र द्यायचं होतं आणि ते छापायला खाणीच्या कचेरीतले बडेबाबू वर्ध्याला आले. भाऊजींनी सांगितलं म्हणून ते आधी माझ्याकडे आले. मजकूर मी लिहावा आणि समारंभात तो मीच वाचावा अशी त्यांची इच्छा होती.

समारंभांची मी आयुष्यभर टिंगल केली आहे. हार, तुरे, मखमली खुर्च्या, 'दोन शब्द' म्हणून सांगितलेले दोन हजार शब्द, या सगळ्याची. तरी त्या दिवशी मानपत्र लिहायला मी बसलो आणि खोटं कशाला बोलू, मला बरं वाटलं. 'पाताळातही प्रकाश नेणारे' असं काहीतरी मी लिहिलं. बडेबाबूंनी ते दोनदा वाचलं आणि डोळे पुसले. माझ्या लिखाणावर आजवर पुसले गेलेले तेवढेच डोळे.

चहा पिताना ते म्हणाले, "एक अडचण हाय, मास्तर. खाली धूळ लय उडते. पाह्यण्याचे कपडे पांढरे, बगळ्यावानी. अन् आमच्या त्या रस्त्यानं दहा पावलं चाललं का माणूस गिरणीतून आल्यावानी दिसते. तुमी सायन्सवाले. काई इलाज सांगा."

मी क्षणभरही विचार केला नाही. "अंगणात धूळ उडू नये म्हणून आपल्या बायका काय करतात? सडा टाकतात. पाणी मारा. पाण्यात चुना कालवा, म्हणजे घट्ट बसेल आणि दिसेलही स्वच्छ."

"वा!" बडेबाबू म्हणाले. "इतकी सोपी गोष्ट आमच्या डोक्यात काऊन नाई आली?" आणि त्यांनी ती डायरीत लिहून घेतली.

त्यांच्या डोक्यात का आली नाही हे मी विचारायला हवं होतं. सोपी गोष्ट वर्षानुवर्षं कोणी करत नसेल, तर न करण्यामागे काही कारण असू शकतं, एवढी शंका विज्ञानाच्या मास्तराला यायला हरकत नव्हती. पण मानपत्र लिहून झालेल्या माणसाला शंका येत नाहीत.

पुढच्या रविवारी भाऊजी आले ते विहिरीवर गेलेच नाहीत. सरळ स्वयंपाकघरात शिरले आणि चुलीसमोर बसले. आई भाकरी थापत होती. जावई चुलीपाशी बसलेला तिने कधी पाहिला नव्हता. ती परात उचलून भिंतीला लागली. भाऊजींनी खिशातून वैद्यासारख्या तीन पुड्या काढल्या.

"मास्तर, या इकडे. तुमाले एक गंमत दाखवतो."

पहिल्या पुडीत काळी भुकटी होती, चेहऱ्याला लावायच्या पावडरीइतकी बारीक. ती फुंकणीत भरून त्यांनी जाळावर फुंकली. चुलीतून जाळाचा एक लोळ छपरापर्यंत गेला आणि गेला तसा विझला. माझ्या डाव्या भुवईचा वास घरभर पसरला.

"अवं माय!" आई ओरडली. "जावई चूल फोडून राह्यले!"

ताई दारातून म्हणाली, "भाकरी होऊ द्या न आधी. मंग फोडा."

भाऊजींनी कोणाकडेही पाहिलं नाही. दुसऱ्या पुडीतली भुकटी करडी होती. "यात पांढरी मिसळली हाय," ते म्हणाले. पांढरी म्हणजे चुनखडीचा दगड दळून केलेली कोरडी भुकटी. ती खाणीच्या रस्त्यांवर, भिंतींवर, सगळीकडे टाकून ठेवत. हे मला त्या दिवशी प्रथम कळलं; तोवर ते कित्येक रविवार आमच्या घरी येत होते आणि मी त्यांना धूमकेतूंविषयी सांगत होतो. त्यांनी ती पुडी फुंकली. धुरासारखा एक ढग उठला, जाळ दबला, बस्स.

"काळी उडाली का तिच्यासंगं पांढरी बी उडाली पाह्यजे. मंग जाळाले खायले भेटत नाई. समजलं? पांढरीचं काम एकच, उडायचं."

तिसऱ्या पुडीत एक खपली होती. वाळलेल्या, पोपडा सुटलेल्या भिंतीची असते तशी, टणक. त्यांनी ती फुंकणीच्या तोंडात बसवली, तिच्यावर चिमूटभर काळी टाकली आणि फुंकलं. पुन्हा लोळ. खपली मात्र घरंगळत आईच्या पायाशी जाऊन पडली. अजून पांढरीच होती.

"हे काय आहे?" मी विचारलं. खरं तर विचारायची गरज नव्हती. 

"आमचा मोठा रस्ता हाय हा. पाह्यणे येऊन राह्यले न मंगळवारी! तीन दिवस काम बंद ठेवून सफाई केली. साऱ्या पांढरीवर चुन्याचं पाणी मारलं, वरून धुम्मसानं चोपलं. असा गुळगुळीत झाला, का पंगत बसवा. खदानीच्या तोंडावर बायायनं रांगोळी काढली. मॅनेजर खुश, बडेबाबू खुश. अन् त्याच्यावर आता काळी बसून राह्यली, रोज थोडी थोडी. ती उडन. खालची पांढरी काई उडत नाई आता. ती तर भिंत झाली."

सडा कोणी सुचवला, हे त्यांनी सांगितलं नाही. मी विचारलं नाही.

गोष्ट इथेच थांबली असती तर पाहुणे गेल्यावर नवी पांढरी टाकता आली असती. मॅनेजरने भाऊजींना तसं सांगितलंही होतं. आधी टाकली तर पाहुण्यांचे जोडे भरतील. पण कार्यक्रमात आणखी एक कलम होतं. पूल असो, शाळा असो, पाहुण्याने काहीतरी कापावं नाहीतर दाबावं लागतं. खाणीत फीत कुठे बांधायची? तेव्हा असं ठरलं होतं, की पाहुण्यांच्या हस्ते एक सुरुंग उडवायचा. मोठ्या रस्त्यालगतच, म्हणजे त्यांना फार चालावं लागणार नाही. भोक पाडून तयार होतं. सुरुंग उडवण्याचं यंत्र आणि त्याची चावी भाऊजींच्या ताब्यात. ते मांडायचं, पाहुण्यांनी चावी फिरवायची आणि टाळ्या.

"सुरुंग नीट गेला तर काईच होत नाई," भाऊजी म्हणाले. "शंभरातून नव्व्याण्णव येळा नीट जाते. एखादा मात्र बंदुकीवानी उलटा तोंडातून जाळ फेकते. त्या येळेस पांढरी लागते. त्या एका येळेसाठीच असते ती."

"मग पुस्तकात लिहा," मी म्हणालो. "पांढरी निकामी झाली आहे, सुरुंग उडवू नये. कायद्याने तुम्हाला अधिकार आहे." दुसऱ्याने खरं बोलावं हा सल्ला देण्यात मी तेव्हाही पटाईत होतो.

"कायदा दिल्लीले राह्यते. मी कॉलनीत राह्यतो." त्यांनी ताईकडे पाहिलं. तिला नववा लागला होता. "बोललो मी. काल शनिवारीच मॅनेजरच्या घरी जाऊन बोललो. ते म्हणे, चाळीस साल से देख रहा हूँ, एक सुरुंग से क्या होता है. आता लिहिलं तर पाह्यणे यायच्या आधी मी बाहीर. अन् माह्या जागी दुसरा येईन, तो चावी देईन. मंग लिहून काय फायदा झाला?"

 याला माझ्याकडे एक उत्तर होतं, पण ते मॅनेजरला द्यायचं होतं: सडा माझ्या सल्ल्याने पडला, मी चुकलो, तो उखडा. ते म्हणायला तोंड लागतं. मी भाकरी खाल्ली.

दुपारी निघताना भाऊजी पुन्हा स्वयंपाकघरात गेले. बाहेर आले तेव्हा पिशवी खांद्याला होती. "मास्तर, मी भुलक्कड माणूस हाय," ते माझ्याकडे न पाहता म्हणाले. "काई राह्यलं असन तर सांभाळून ठेवजा. मंगळवारी तुमी मानपत्र वाचायले येऊन राह्यले न? येजा. पण आणू नोका."

त्यांची गाडी सुटून गेली असेल तेव्हा आईला फुंकणीशेजारी एक पितळी मुठीची जाड चावी सापडली. "अवं, जावयाची चावी राह्यली! कोणाले तरी धाडा ठेसनावर!"

"राहू दे," मी म्हणालो, आणि ती माझ्या टेबलाच्या खणात, सहामाहीच्या पेपरांखाली ठेवली.

मंगळवारी मी खाणीत उतरलो. आयुष्यात एकदाच. उतरत्या बोगद्याच्या तोंडाशी रांगोळी होती, आणि ज्या बायांनी ती काढली होती त्यांना खाली यायची बंदी होती. आत रस्ता असा पांढरा, की दिव्यांची गरजच वाटेना. पाहुणे खरंच बगळ्यासारखे दिसत होते, गळ्यात झेंडूचे तीन हार. सगळे पुढे गेल्यावर मी वाकून बोट फिरवलं. बोट काळं झालं. बुटाच्या टाचेने खाली खरवडून पाहिलं. टाच घसरली, चुना हलला नाही. माझा सल्ला चांगलाच घट्ट बसला होता.

मानपत्र मी वाचलं. 'पाताळातही प्रकाश' या शब्दांवर टाळ्या पडल्या आणि बोगद्यात त्या जास्त वेळ घुमल्या. मग सगळे सुरुंगाच्या जागेकडे वळले. एका टेबलावर पांढरं कापड, त्यावर यंत्र. यंत्राला हार घातला होता, कपाळ समजून एका बाजूला कुंकू लावलं होतं, पुढे नारळ. भाऊजी शेजारी उभे, धुतलेल्या सदऱ्यात. भिंतीला टेकून त्यांच्या पाळीची माणसं.

"हां, चाबी," मॅनेजर म्हणाले.

भाऊजींनी सदऱ्याचा खिसा चाचपला. मग दुसरा. मग पँटचे. हे काम त्यांनी इतकं मन लावून केलं, की चावी सापडेल अशी भीती मलासुद्धा वाटू लागली.

"साहेब," ते म्हणाले, "चावी सासुरवाडीले राह्यली."

"सासुरवाडी?" मॅनेजरांचा आवाज चढला. "खदान की चाबी ससुराल में क्या कर रही है?"

भिंतीकडून कोणीतरी हलक्या आवाजात म्हणालं, "माहेरी गेली असन. बाळंतपणाले."

हसू त्या अख्ख्या रांगेतून सरकत गेलं. दुसरं यंत्र आणा, असं मॅनेजर बडेबाबूंना म्हणाले. बडेबाबू कुजबुजले, "ते दुरुस्तीले नागपूरले गेलतं सर, अजून आलं नाई." मग मॅनेजर माझ्याकडे वळले. "मास्टरजी, आप ही का घर है ना? सच है?"

सगळे माझ्याकडे पाहत होते. भाऊजी सोडून, ते नारळाकडे पाहत होते. अजूनही वेळ होती. सगळ्यांसमोर सांगता आलं असतं, की हा सडा माझा, हा चुना माझा, आणि या माणसाने चावी विसरलेली नाही. मी म्हणालो, "हो. आमच्या घरी आहे. टेबलाच्या खणात."

शब्दन् शब्द खरा होता. इतकं खरं बोलून इतकं लपवता येतं, हे मला तेव्हा कळलं.

अखेर वाट मोकळी केली ती पाहुण्यांनी. ते हसले आणि म्हणाले, "अहो, असू द्या. मी तर लग्नात माझे जोडे सासुरवाडीला विसरलो होतो. नारळ फोडू या." सुरुंगाच्या भोकाकडे त्यांनी ज्या नजरेने पाहिलं त्यावरून मला वाटतं, सगळ्यांत जास्त सुटका त्यांची झाली होती. नारळ फुटला. टाळ्या झाल्या. वर येऊन चिवडा आणि चहा.

चावी आणायला मॅनेजरांनी परतीच्या गाडीत माझ्यासोबत एक शिपाई दिला. त्या चावीला आलेला हा पहिला मान.

भाऊजींवर हलगर्जीपणाचा ठपका आला. नोकरी वाचली, पण सरदारकी काही महिन्यांसाठी काढून घेतली आणि त्यांना मजुरांत टाकलं. कोणतं काम द्यावं? सगळ्यांत हलकं, सगळ्यांत घाण: पांढरी टाकण्याचं. पाहुणे गेले होते, जोड्यांचा प्रश्न उरला नव्हता. भाऊजी सकाळी टिकास घेऊन जात, चुन्याची पापडी फोडत, आणि मग फावड्याने नवी कोरडी भुकटी भिंतींवर, छतावर उडवत. तो सबंध रस्ता त्यांनी उखडून पुन्हा भरला. इतक्या मनापासून शिक्षा भोगणारा माणूस कचेरीला संशयास्पद वाटायला हवा होता. पण कचेऱ्या आपली शिक्षा नीट लागू पडते आहे यातच समाधानी असतात.

त्यानंतर ते घरी आले तेव्हा मुलगी आठ दिवसांची होती. भाऊजी खोकत होते. तो खोकला पांढरीचा होता, आणि पुढे आयुष्यभर अधूनमधून येत राहिला. काळी धूळ जाळते आणि पांढरी छातीत घर करते. खाणीत ज्याला पहिली थांबवायची असेल त्याला दुसरी गिळावी लागते, हे पुस्तकात होतं का, मला आठवत नाही. तोंडाला फडकं बांधत जा, असं ताई म्हणाली. "फडक्यातून बी येते," ते म्हणाले.

ते विहिरीवर गेले तेव्हा मी मागोमाग गेलो. बादली ओढून दिली. मग एका दमात सांगितलं, "भाऊजी, तो सडा... बडेबाबूंना मी सांगितला होता. पाणी मारा म्हणून. चुनाही मीच म्हणालो."

ते हात चोळत राहिले.

"मालूम हाय," ते म्हणाले. "त्या शनिवारी मॅनेजरच्या घरी बडेबाबू होते न. ते म्हणे, तुमच्याच साळ्यानं सांगतलं, सायन्सचा मास्तर हाय, तुमाले जास्त समजते का?"

"मग त्या रविवारी तुम्ही बोलला का नाहीत?"

"बोललो न. तीन पुड्या घेऊन बोललो." त्यांनी माझ्या डाव्या भुवईकडे पाहिलं, ती अजून पुरती आली नव्हती. "मी वाट पाह्यली, तुमी काई बोलता का. नाई बोलले. तवा म्हटलं, चावी इथंच ठेवाव. दुसऱ्या कोणाच्या घरी ठेवली असती तर त्यानं भलेपणानं आणून देली असती. तुमी आणली नसती."

मी त्यांच्या हातांवर पाणी ओतलं. आधी पांढरं पाणी निघालं, मग बराच वेळ काळं.